समदं मिळून किती?

आजऱ्याचा पाऊस ज्याने एकदा अंगावर घेतला आहे, त्याला डोक्यावरचे छप्पर म्हणजे काय, हे वेगळे सांगावे लागत नाही. मृग लागला की आंबोलीच्या बाजूने ढग उतरतात. मग पुढचे तीन-साडेतीन महिने कपडे वाळत नाहीत, मीठ कोरडे राहत नाही आणि रामतीर्थाचे खडक हिरण्यकेशीच्या लाल पाण्याखाली दिसेनासे होतात. या दिवसांत माझ्यासारख्या निवृत्त मास्तराला काम एकच. खिडकीशी बसायचे, जुने कागद चाळायचे आणि दुसऱ्या चहाची वाट पाहायची.

गेल्या पावसाळ्यातल्या अशाच एका संध्याकाळी पुण्याहून मुलीचा फोन आला. आवाजात आनंद मावत नव्हता.

"आप्पा, फ्लॅट बघितला. आम्हां दोघांनाही पसंत आहे. बँक पस्तीस लाख द्यायला तयार आहे. व्याज साडेआठ टक्के, आणि हप्ता किती माहितीय? सव्वीस हजार नऊशे! भाडंच आम्ही वीस हजार भरतोय. म्हणजे सात हजार जास्त घातले की घर आपलं."

"किती वर्षांचं कर्ज?" मी विचारले.

"तीस."

ती आज ३० वर्षांची आहे. मी मनात बेरीज केली. शेवटचा हप्ता ती साठाव्या वर्षी भरणार होती. माझी नात आज चार वर्षांची आहे; ती तेव्हा चौतीस वर्षांची, म्हणजे आजच्या तिच्या आईपेक्षाही मोठी असेल.

"बघूया," एवढेच मी म्हणालो. पोरीच्या आनंदावर पाणी घालायचे जिवावर आले. फोन ठेवला, कपाट उघडले आणि तळातली पिवळी फाईल काढली. तिच्यावर माझ्याच अक्षरात लिहिले होते : 'घर - कर्ज - १९९६'.

पिवळी फाईल

मी आजऱ्याच्या एका शाळेत ३५ वर्षे गणित शिकवले. चक्रवाढ व्याजाचे सूत्र फळ्यावर किती वेळा लिहिले असेन, याची गणती नाही. 'द. सा. द. शे. १५ दराने १,५०,००० रुपयांचे...' अशी उदाहरणे पोरांकडून घोटून घेतली. आणि १९९६ साली मी स्वतः नेमके तेवढेच, दीड लाख रुपये, नेमक्या त्याच दराने, १५ वर्षांच्या मुदतीने घेतले, तेव्हा ते उदाहरण एकदाही सोडवून पाहिले नाही.

आज साडेआठ टक्के ऐकणाऱ्याला १५ टक्के हा दर सावकारी वाटेल, पण त्या काळात घरासाठी तोच रीतसर दर होता. किंबहुना नोकरदाराला घरासाठी कर्ज मिळते, हीच नवलाई होती. १९७७ साली हसमुखभाई पारेखांनी घरकर्जाचीच म्हणून एक कंपनी काढली, तोवर मध्यमवर्गीय माणूस घर बांधायचा तो निवृत्त झाल्यावर, भविष्यनिर्वाह निधीच्या पैशातून. १९८८ साली नॅशनल हाउसिंग बँक आली, घरकर्ज देणाऱ्या संस्था वाढल्या आणि नव्वदीच्या दशकात हे वारे आमच्यासारख्या तालुक्याच्या गावीही पोहोचले. मी कर्ज घेतले त्या संस्थेचे नाव इथे महत्त्वाचे नाही. तेव्हा सगळ्यांचीच रीत कमीअधिक तशी होती.

हप्ता ठरला २,१३८ रुपये. पगार सहा हजारांच्या घरात. सौ.ने वाण्याचा, दुधाचा, औषधाचा हिशेब मांडला आणि 'ओढाताण होईल, पण जमेल' असा निकाल दिला. आम्ही दोघांनी तपासले ते एवढेच, की हप्ता झेपतो का.

खरा प्रश्न विचारला माझ्या वडिलांनी. शिक्षण चौथीपर्यंत, आयुष्य भाताच्या खाचरात आणि एका दुकानाच्या दिवाणजीगिरीत गेलेले. मी मोठ्या उत्साहाने कागद दाखवायला गेलो.

"किती द्यायचं त्यास्नी?"

"महिन्याला दोन हजार एकशे अडतीस."

"हप्ता इचारला न्हाई म्या. समदं मिळून किती?"

मला उत्तर देता आले नाही. गणिताच्या मास्तराला! "ते बघावं लागेल," असे काहीतरी पुटपुटून मी कागद गुंडाळले. आणि बघितले नाहीच.

वर्षाने संस्थेकडून खात्याचा उतारा आला, तो आजही फाईलमध्ये आहे. वर्षभरात मी भरले होते २५,६५६ रुपये. त्यातले व्याजात गेले २२,५००. मुद्दलातून कमी झाले ३,१५६. म्हणजे वर्षभर पोटाला चिमटा घेऊन दीड लाखाचे झाले होते १,४६,८४४. मला वाटले, कारकुनाची चूक असेल. दोनदा हिशेब केला. चूक नव्हती. दीड लाखाचे १५ टक्क्यांनी वर्षाचे व्याज २२,५०० होते, हे सातवीतले पोरही सांगेल.

आणखी एक बारकावा तेव्हा कळला. हप्ता मी दर महिन्याला भरत होतो, पण संस्था तो मुद्दलातून वजा करीत होती वर्षअखेरीला. मधल्या काळात, भरलेल्या पैशावरही व्याज चालूच. दरमहा वजावट धरली असती तर हप्ता २,०९९ रुपये बसला असता. फरक ३९ रुपयांचा. पण ३९ रुपये गुणिले १८० महिने, म्हणजे सात हजार रुपये! करारात ते छापलेले होते. मी वाचले नव्हते.

१५ वर्षे एकही हप्ता चुकवला नाही, याचा मला अभिमान होता. २०११ साली शेवटचा हप्ता भरून बोजा उतरवला आणि त्या रात्री बेरीज केली. दीड लाखाच्या घरासाठी मी ३,८४,८४० रुपये दिले होते. निम्मे मुद्दल फिटायलाच जवळजवळ ११ वर्षे लागली होती. वडिलांच्या प्रश्नाचे उत्तर १५ वर्षांनी मिळाले. ते ऐकायला वडील राहिले नव्हते.

दामदुपट

आपल्याकडच्या जुन्या माणसांना व्याजाची एक मर्यादा ठाऊक होती. तिला 'दामदुपट' म्हणत. हिंदू धर्मशास्त्रातला हा नियम मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनीही मानला. तो असा, की सावकाराला एका वेळी मागता येणारे व्याज मुद्दलाहून अधिक असता कामा नये. शंभर दिले तर व्याजासह दोनशेच्या वर एकदम मागता येणार नाही. हा नियम असूनही १८७५ साली पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात आणि मग आसपासच्या गावांत शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे बाहेर काढून जाळले. त्यातून १८७९ साली दक्षिणेतल्या शेतकऱ्यांसाठी इंग्रज सरकारला वेगळा कायदा करावा लागला. आमचा आजरा तेव्हा इचलकरंजी जहागिरीत, त्या कायद्याच्या हद्दीबाहेर. पण दामदुपट हा शब्द इथल्याही घराघरांत होता. वडील तो शिवीसारखा वापरत.

बँकेचे घरकर्ज या नियमात बसत नाही आणि बसायचे कारणही नाही. हप्त्याहप्त्याने, आपल्या सहीने, वर्षानुवर्षे दिलेले व्याज 'एका वेळी' मागितलेले नसते. बँक इथे कोणाला फसवत नाही. दर महिन्याला जेवढे मुद्दल आपल्याकडे उरलेले असते, तेवढ्याच पैशाचे भाडे ती घेते. पण म्हणूनच आपणच आपल्यापुरती दामदुपटीची रेघ ओढून ठेवलेली बरी. कुठल्याही कर्जाचा कागद समोर आला की आधी पाहावे, मुद्दलाची दुप्पट कुठे ओलांडली जाते आहे.

ती रेघ ओलांडायला आता १५ टक्के दर लागत नाही. नुसती मुदत पुरते.

तीस वर्षांचा हिशेब

त्या रात्री मी मुलीचा हिशेब मांडला. पाऊस कौलांवर नव्हे, स्लॅबवर पडत होता. त्याच, १९९६ च्या स्लॅबवर. वही घेतली आणि तीन ओळी लिहिल्या. पस्तीस लाख रुपये, साडेआठ टक्के, दरमहा वजावट.

मुदत १५ वर्षे : हप्ता ३४,४६६ रुपये. एकूण भरणा सुमारे ६२ लाख ४ हजार.

मुदत २० वर्षे : हप्ता ३०,३७४ रुपये. एकूण भरणा सुमारे ७२ लाख ९० हजार.

मुदत ३० वर्षे : हप्ता २६,९१२ रुपये. एकूण भरणा सुमारे ९६ लाख ८८ हजार.

वाचकहो, या तीन ओळींकडे जरा थांबून पाहा. दर तिन्हींचा एकच आहे. कर्जही एकच. विसाची तीस वर्षे केली की महिन्याला ३,४६२ रुपयांची सवलत मिळते. आणि त्या सवलतीची किंमत आहे जवळजवळ २४ लाख रुपये! वीस वर्षांच्या मुदतीतच दामदुपट ओलांडली गेली होती; तीस वर्षांत तर पावणेतीन पटीच्या वर मजल गेली.

असे का होते? कारण हप्त्यातून आधी व्याज कापले जाते आणि उरेल ते मुद्दलात जाते. तीस वर्षांच्या कर्जात पहिल्या महिन्याचे व्याजच २४,७९२ रुपये. २६,९१२ च्या हप्त्यातून मुद्दलात जातात फक्त २,१२० रुपये. पहिल्या वर्षभरात सव्वातीन लाखांच्या आसपास भरायचे आणि कर्ज कमी व्हायचे साडेसव्वीस हजारांनी. या गतीने निम्मे कर्ज फिटायला पावणेतेवीस वर्षे लागतात. मुदत वाढवली की हप्ता कमी होतो तो व्याजातून नव्हे. व्याज तेवढेच द्यावे लागते; कमी होते ते मुद्दलात जाणारे. भांड्याला पाण्याचा थेंब बारीक केला, की भांडे भरायला वेळ लागणारच.

उलट बाजूनेही तेच गणित चालते. वीस वर्षांच्या कर्जात दरवर्षी एक, फक्त एक हप्ता जादा भरला, दिवाळीच्या बोनसमधून म्हणा, की कर्ज सुमारे सव्वातीन वर्षे आधी संपते आणि सात लाखांहून अधिक व्याज वाचते. जादा भरलेला पैसा सगळाच्या सगळा मुद्दलात जातो, ही त्यातली गोम. आणि जितक्या लवकरच्या वर्षांत तो भरावा, तितका तो अधिक काम करतो. बदलत्या दराच्या घरकर्जावर अशी आगाऊ फेड केल्यास दंड घेण्याची बँकांची रीत रिझर्व्ह बँकेने २०१२ साली बंद केली आहे.

इथे एक सावधगिरी सांगतो, कारण गावाकडे ही चूक वारंवार होते. कोणी 'आठ टक्के' म्हणाला, की विचारावे : घटत्या बाकीवर की सरळ? एक लाख रुपये, पाच वर्षे, सरळ आठ टक्के म्हणजे व्याज ४० हजार, हप्ता २,३३३. ऐकायला आठ. पण इथे शेवटच्या वर्षीही पूर्ण लाखावर व्याज चालू असते. घटत्या बाकीच्या हिशेबाने तो दर १४ टक्क्यांच्या वर जातो.

न उघडलेली पाकिटे

माझ्या फाईलमध्ये आणखी एक दुखरी जागा आहे. २००३ च्या सुमाराला घरकर्जाचे दर पार खाली आले होते. एका सहशिक्षकाने मला स्टाफरूममध्ये सांगितले, "सर, तुमचं पंधरानं आहे ना? नवं कर्ज नऊच्या आसपास मिळतंय. बदलून घ्या." माझे मुद्दल तेव्हा १,१५,००० च्या घरात होते. जुन्या संस्थेला दोन टक्के दंड भरूनही नव्या कर्जात मला सुमारे ४१ हजार रुपये कमी भरावे लागले असते. तीन महिन्यांच्या पगाराहून अधिक!

मी बदलले नाही. पुन्हा वकील, पुन्हा उतारे, पुन्हा कोल्हापूरच्या खेपा, पुन्हा जामीनदारांच्या सह्या. 'चाललंय ते बरं आहे' म्हणून आठ वर्षे आणखी १५ टक्के भरत राहिलो. आळसाला एवढा भाव मी आयुष्यात दुसरीकडे कुठे दिलेला नाही.

आजच्या कर्जदाराचा धोका वेगळा आहे. बहुतेक घरकर्जे आता बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची घरकर्जे रेपो दरासारख्या बाहेरच्या मापाशी जोडावी लागली. रेपो म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना उसने देते तो दर. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत तो ४ टक्क्यांवरून साडेसहावर गेला. अनेकांचा हप्ता मात्र वाढला नाही, म्हणून त्यांना वाटले आपल्याला झळ लागली नाही. वाढली होती मुदत.

पुन्हा वही घेऊ. पस्तीस लाख, वीस वर्षे, हप्ता ३०,३७४. समजा अगदी सुरुवातीलाच दर साडेआठचा साडेनऊ झाला आणि हप्ता तेवढाच ठेवला. वीस वर्षांची होतात जवळजवळ पावणेसव्वीस! एक टक्का, आणि पावणेसहा वर्षे. दर साडेदहा झाला, तर महिन्याचे व्याजच ३०,६२५ रुपये, हप्त्याहून अधिक. म्हणजे हप्ता भरूनही कर्ज वाढतच जाणार. याच कारणाने ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने फर्मावले, की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हे कर्जदाराला विचारले पाहिजे आणि व्याजसुद्धा न भागवणारा हप्ता चालणार नाही. पण विचारणारे पत्र कोणी उघडलेच नाही, तर नियम काय करील? माझी तर पाकिटे होती. आता संदेश फोनवर येतो आणि बोटाने सरकवला जातो.

कर्ज न काढण्याची किंमत

इतके वाचून कोणाला वाटेल, की हे मास्तर कर्जाच्या विरुद्ध आहेत. तसे नाही. कर्ज न काढण्यालाही किंमत असते, आणि ती आमच्या घराने मोजली आहे.

वडिलांनी आयुष्यात कोणाचा एक पैसा घेतला नाही. आमचे जुने घर त्यांनी १९६५ साली बांधायला काढले. एका वर्षी जांभ्याचे चिरे, पुढच्या वर्षी भिंत, त्यापुढच्या वर्षी वासे. घनसाळ भाताचे पीक चांगले आले, की घर एक हात वर चढायचे. नाही आले, की दोन वर्षे तसेच. मधल्या काळात आम्ही सहा माणसे मागच्या पडवीत राहिलो. गळक्या कौलांखाली आई चार ठिकाणी भांडी ठेवून चूल पेटवायची. ओल्या लाकडांच्या धुराने तिचा दमा वाढत गेला. घराची वास्तुशांत झाली १९७९ साली. आई १९७७ च्या पावसाळ्यात गेली होती.

त्या घरावर एक पैसा व्याज पडले नाही, असे वडील अभिमानाने सांगत. मी कधी त्यांना उलट बोललो नाही. पण १९९६ साली मी कर्जाच्या कागदावर सही केली, तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर आईची ती चार भांडी होती. मुलगी तेव्हा वर्षाची होती. तिला पहिला पाऊस कोरड्या घरात मिळाला. ३,८४,८४० रुपयांतले दोन लाख चौतीस हजार मी त्या १५ कोरड्या पावसाळ्यांसाठी दिले, असे म्हणा. ते सगळेच्या सगळे वाया गेले, असे मी म्हणणार नाही. मात्र त्यातले जे निव्वळ अज्ञानाने आणि आळसाने गेले, त्यांचे दुःख आहे.

गणपतीतली बैठक

गणपतीला मुलगी, जावई, नात आजऱ्याला आली. गौरीजेवणाच्या दुसऱ्या दिवशी दुपारी मी पिवळी फाईल आणि वही घेऊन बसलो. जावई शांत स्वभावाचे, त्यांनी तीन ओळी नीट वाचल्या. मुलगी मात्र माझीच. ती वाद घालायला बसली.

"आप्पा, तुमचा हप्ता १९९६ मध्ये पगाराच्या तिसऱ्या हिश्शाएवढा होता ना? आणि २०११ मध्ये?"

"तेव्हा काय, किराण्याच्या बिलाएवढासुद्धा नव्हता."

"मग! पैशाची किंमत उतरते, पगार वाढतात. तीस वर्षांनी सव्वीस हजार म्हणजे काहीच नसेल. शिवाय व्याजावर करात सूट मिळते."

मुद्दा खोटा नव्हता. मी म्हणालो, "सूट तू कोणत्या पद्धतीने कर भरतेस त्यावर आहे. जुन्या पद्धतीत, स्वतः राहायच्या घरासाठी, वर्षाला दोन लाखांपर्यंतच्या व्याजावर ती आहे. नव्या पद्धतीत तशी सूट नाही. आणि मिळाली तरी रुपया व्याज देऊन तीस पैसे परत येणार. सत्तर पैसे गेलेच ना? पगार वाढतो म्हणतेस, ते मात्र खरं. मग पगाराबरोबर हप्ताही वाढव. तीस वर्षांची मुदत घेऊन निवांत बसू नकोस."

बराच वेळ कोणी बोलले नाही. मग जावई म्हणाले, "आप्पा, कर्ज तीस लाखच घेतलं आणि मुदत वीस वर्षं केली तर?"

मी वहीत मांडले आणि आम्ही तिघेही एकमेकांकडे पाहत राहिलो. हप्ता आला २६,०३५ रुपये. पस्तीस लाखांच्या तीस वर्षांच्या हप्त्याहूनही कमी! आणि एकूण भरणा सुमारे ६२ लाख ४८ हजार. म्हणजे आज पाच लाख उभे केले, तर पुढचे ३४ लाख वाचणार होते आणि दहा वर्षे मोकळी होणार होती.

पाच लाख आकाशातून पडत नाहीत. त्यांनी गाडी घ्यायचा बेत पुढे ढकलला. स्वयंपाकघरातली तयार कपाटे रद्द झाली, सौ.ने आपल्या संसाराची फळी-मांडणी आठवून त्याला ताबडतोब अनुमोदन दिले. तरीही दोन लाख कमी पडत होते. ते मी माझ्या ठेवीतून देऊ केले. मुलीने फुकट घ्यायला नकार दिला. वहीच्या त्याच पानावर तिने लिहिले : 'आप्पांकडून उसने २,००,०००.' आणि वर पाहून म्हणाली, "व्याज सांगा. पण दामदुपट नको हं!"

निघताना तिला मी एकच काम सांगितले. १ ऑक्टोबर २०२४ पासून रिझर्व्ह बँकेच्या नियमाने प्रत्येक किरकोळ कर्जाबरोबर ग्राहकाला एक मुख्य माहितीपत्रक द्यावे लागते, त्याला समजेल अशा भाषेत. व्याज, निरनिराळे आकार, ते सगळे धरून पडणारा वर्षाचा खरा दर, महिनावार फेडीचा तक्ता आणि एकूण भरायची रक्कम, हे सगळे त्यात असते. "सही करायच्या आधी ते माग," मी म्हणालो, "आणि एकूण रकमेचा आकडा मला फोनवर वाचून दाखव."

महिन्याभराने फोन आला. बाहेर परतीचा पाऊस पडत होता. मागे बँकेतला गलबला ऐकू येत होता. तिने आकडा वाचला. प्रक्रिया शुल्क आणि विम्याचा हप्ता धरून तो माझ्या वहीतल्यापेक्षा थोडा अधिक होता. विमा बँकेकडूनच घ्यायची सक्ती आहे का, ते विचार, असे मी सांगितले. तिने विचारले. सक्ती नव्हती.

"आप्पा, आता करू सही?"

"कर."

फोन ठेवून मी भिंतीवरच्या वडिलांच्या फोटोकडे पाहिले. चौथी शिकलेल्या त्या माणसाने १९९६ साली विचारलेला प्रश्न २०२४ मध्ये छापील कागदावर आला होता. पिवळ्या फाईलच्या शेवटच्या पानावर मी मुलीच्या कर्जाचा आकडा लिहिला, खाली तारीख टाकली आणि फाईल कपाटाच्या तळाशी न ठेवता, हाताशी येईल अशा वरच्या कप्प्यात ठेवली. नातीला आणखी वीस-पंचवीस वर्षांनी ती लागेल.